मी चिखलोलीच्या कड्याचा दोर

मित्रांनो, मला पाहिलेत तर तुम्हाला वाटेल, हा गुरे बांधायचा जुना दोर असावा. माझा रंग मातकट झाला आहे. अंगावरचे तंतू उभे राहिले आहेत आणि एका ठिकाणी मी काळा पडलो आहे. मला पायाने बाजूला सारून तुम्ही पुढे गेलात तरी मला राग येणार नाही. पण घटकाभर थांबलात तर मी तुम्हाला माझी गोष्ट सांगेन. अंबरनाथ आणि बदलापूर यांच्यामधल्या चिखलोली गावात माझा जन्म झाला आणि आजही मी तिथेच राहतो.

मला कोणा एकट्याने घडवले नाही. त्या काळी गावात घराघराच्या परसात अंबाडी लावलेली असे. प्रत्येक घरातून अंबाडीच्या काड्या आल्या. त्या ओढ्याच्या पाण्यात कुजत घातल्या, मग धुतल्या आणि निघालेला पांढरा वाख खडकावर वाळवला. ज्यांच्या परसात अंबाडी नव्हती ते पीळ द्यायला आले. शिवराम नावाचा एक शेतकरी होता. तरुणपणी मिठागरावर राबून त्याचे तळवे चामड्यासारखे झाले होते. त्याने माझे तीन पेड वळून एक केले. गावातल्या रांगत्या पोरांचेसुद्धा हात त्याने माझ्या अंगावरून फिरवून घेतले.

"ह्यो दोर कुनाच्या दारात बांधायचा नाय," शिवराम म्हणाला. "ह्यो आपल्या कड्याचा."

कडे म्हणजे काय, ते आता सांगतो. गावावर संकट आले की कोणीतरी मोठ्याने हाक देई, "कडं धरा रे!" मग हातातले काम टाकून सगळे धावत येत. माझी दोन टोके एकमेकांना बांधत. म्हातारी माणसे, तान्ही पोरे आणि आजारी यांना मध्ये बसवत आणि बाकीचे सगळे मला दोन्ही हातांनी धरून भोवती गोल उभे राहत. मग एकजण आपल्या उजवीकडच्या माणसाचे नाव मोठ्याने घेई. तो त्याच्या उजवीकडच्याचे घेई. असे करत करत नाव फिरून पहिल्या माणसाकडे आले की माझ्या अंगात ऊब येत असे, आणि आमच्याभोवती कडे उभे राही. ते डोळ्यांना दिसत नसे. पण आग त्याच्यापाशी येऊन थांबे, पाणी त्याला वळसा घालून जाई.

मात्र बाहेरून येणारा सगळा रेटा हातांवर पडे. हात थोडे असले तर तो सोसवत नसे. हात पुष्कळ असले तर पाण्याची कळशी उचलावी इतकाच भार प्रत्येकाला वाटे. आणि उजवीकडच्या माणसाचे नाव एकालाही ठाऊक नसले, तर कडे उभे राहत नसे. मला एकट्याला काहीच करता येत नाही, मित्रांनो. मी फक्त हातांना हात जोडून देतो.

माझ्या आयुष्यातले पहिले मोठे कडे वणव्याचे होते. उन्हाळ्याचे दिवस होते. टेकडीवरचे गवत पेटले आणि वाऱ्याबरोबर ज्वाळा गावाकडे धावत आल्या. खाली भाताच्या पेंढ्याच्या उडव्या रचलेल्या होत्या आणि त्यांच्या मागे लागूनच घरे. बरेचसे पुरुष अंबरनाथच्या कारखान्यांत कामावर गेले होते. ज्या बाया, म्हातारे आणि मुले घरी होती, त्यांनीच उडव्यांच्या पुढे येऊन मला धरले. नावे एकामागून एक पुढे सरकू लागली आणि एका जागी येऊन थांबली.

तिथे बनूबाई नावाची गावची सुईण उभी होती. तिच्या उजवीकडे नाथाची नवी नवरी होती. वांगणीहून लग्न होऊन येऊन तिला थोडेच दिवस झाले होते. तिला सगळे नाथाची बायको म्हणत, सासरची माणसे सूनबाई म्हणत. तिचे नाव तोपर्यंत कोणी विचारलेच नव्हते.

"तुजा नाव काय ग बाय?" बनूबाईने घाईने विचारले.

नवरीने मान खाली घातली. इतक्या माणसांसमोर आपले नाव घ्यायला ती लाजत होती. ज्वाळांची धग तोंडाला लागू लागली.

"लाजू नको. आज तुजा नावच आमाला राखनार हाय. सांग!"

"इंदू," ती म्हणाली.

"इंदू!" बनूबाई ओरडली. तिथून नाव पुढे निघाले ते फिरून पहिल्या माणसापर्यंत जाऊनच थांबले. माझ्या तिन्ही पेडांत ऊब भरली. आग उडव्यांच्या अलीकडे येऊन थबकली, काही वेळ तिथेच फणफणत राहिली आणि गवत संपल्यावर विझली.

त्या दिवसापासून इंदूने माझी काळजी घेतली. ती मला उन्हात वाळवी, उंदरांपासून जपे, पावसाळ्याआधी चुलीच्या वर उंचावर टांगून ठेवी. माझ्यावरून हात फिरवत ती एकदा म्हणाली होती, "या दोरानं माना माजा नाव परत दिला." तेव्हापासून तिला एक सवयच लागली. भाजीवाला येवो, विजेचे मीटर बघणारा येवो, वाट चुकलेला पाहुणा येवो, इंदूबाई आधी पाणी देई आणि मग नाव विचारी. आणि एकदा ऐकलेले नाव ती विसरत नसे.

पुढे मी पुष्कळ काम केले. नाल्याला पूर आला तेव्हा कडे धरले गेले. मोकाट सुटलेला उधळलेला बैल शाळेच्या अंगणात शिरला तेव्हाही धरले गेले. दर वर्षी भात घरात आले की मला हळदकुंकू लावत, माझ्यापुढे नारळ फोडत आणि खोबऱ्याचे तुकडे पोरांना वाटत. खोबरे मला खाता येत नसले, तरी पोरांच्या तोंडाकडे पाहून माझे पोट भरत असे.

मग काळ बदलला. शेते विकली गेली. जिथे भात डुलत असे तिथे उंच इमारती उभ्या राहिल्या. कोकणातून, देशावरून, उल्हासनगरहून, थेट बिहारमधून माणसे राहायला आली. पहाटे उठून ती स्टेशनकडे धावत आणि अंधार पडल्यावर परतत. शिवराम गेला, बनूबाई गेली, नाथाही गेला. संकट आले की आता लोक फोन करत, दार लावून घेत. "कडं धरा" ही हाक ऐकू येईनाशी झाली.

इंदूबाई म्हातारी झाली. चुलीच्या जागी गॅस आला, तेव्हा मला टांगायची जागाही गेली. तिच्या मुलाने, दिपेशने, मला समाजमंदिराच्या मागे पत्र्याच्या शेडमध्ये नेऊन ठेवले. तिथून ज्याला लागेल तो मला नेई. चौथ्या मजल्यावर कपाट चढवायला मी गेलो. गणपतीत रस्सीखेच खेळायला गेलो. मंडपाचा बांबू बांधायलाही गेलो. खोटे कशाला सांगू, मला वाईट वाटे. पण कोणाच्या तरी हातात जायला मिळते याचा आनंदही वाटे.

एकदा मी सकाळी डोळे उघडतो तो काय, माझ्यावर ओल्या चादरी! उल्हासनगरचे राहते घर सोडून नव्या इमारतीत आलेल्या लाजवंती नावाच्या सिंधी बाईंनी मला मैदानातल्या दोन खांबांना बांधून कपडे वाळत घातले होते. ते पाहून इंदूबाई काठी टेकत टेकत आली.

"ओ बाय! ह्यो दोर कपरे सुकवायचा नाय! ह्यो कड्याचा दोर हाय!"

"अरे अम्मा, मेरे को क्या पता?" लाजवंती म्हणाल्या. "दोरी तर दोरी असते ना? साहेब बिस्तर पे आहेत, रोज चादर धुवायला लागते. घरात कुठे सुखाऊ मी इतकी?"

त्यांचे यजमान बरेच महिने अंथरुणाला खिळून होते. हे ऐकून इंदूबाईचा राग ओसरला. ती चादरीला हात लावून म्हणाली, "ओली हाय अजून. राहू दे. तुजा नाव काय?"

त्या दिवसापासून चादरींच्या मध्ये उभ्या राहून त्या दोघी रोज बोलत. एकीची आगरी बोली आणि दुसरीची सिंधी-हिंदी मिसळलेली मराठी. कधी कधी एकीचे दुसरीला कळत नसे, तरी दोघी हसत. इंदूबाई लाजवंतींना कड्याच्या गोष्टी सांगे आणि त्या डोळे मोठे करून ऐकत. चादरींचे ओझे वाहताना मला एवढी सोबत मिळाली. मी आजही त्या दिवसांचे आभार मानतो.

आणि मग तो दिवस आला.

दुपारची वेळ होती. जवळच एक मोठे गोदाम होते. त्यात रसायनांची पिंपे भरलेली होती म्हणे. तिथे मोठा आवाज झाला आणि पिवळट काळा धूर वर उठला. वारा आमच्याच दिशेने होता. बघता बघता धूर इमारतींच्या खिडक्यांतून आत शिरला, जिन्यांत भरला. माणसे खोकत खोकत खाली मैदानात आली. अंबरनाथकडचा रस्ता आगीने अडवला होता आणि बदलापूरकडच्या रस्त्यावर गाड्या एकमेकींत अडकून पडल्या होत्या. समाजमंदिरात बालवाडी भरली होती. घाबरलेली मुले एकमेकांना धरून रडत होती. आता कुठे जायचे, कोणालाच कळेना.

तेव्हा कित्येक वर्षांनी मी ती हाक ऐकली. इंदूबाई मैदानाच्या मधोमध उभी राहून ओरडत होती, "कडं धरा रे! कडं धरा!"

नव्या लोकांना वाटले, म्हातारीला भ्रम झाला. पण लाजवंतींनी माझ्यावरच्या चादरी भराभर खाली ओढल्या आणि खांबांच्या गाठी सोडल्या. "अम्मा बोलते ते ऐका!" त्या ओरडल्या. "पोरांना मध्ये घ्या! दोरी पकडा सगळे!"

शलाका नावाची एक तरुण मुलगी घरूनच ऑफिसचे काम करत असे. गळ्यात हेडफोन तसाच लटकत असताना ती खाली पळत आली होती. "आजी, दोरीने धूर कसा थांबेल?" तिने विचारले.

"आधी धर, मंग विचार," इंदूबाई म्हणाली.

शलाकाने मला धरले. तिचे पाहून बाकीच्यांनी धरले. बालवाडीच्या बाईंनी मुलांना मध्ये बसवले. मग नावांची वेळ आली आणि मैदानभर गडबड उडाली. एकाच जिन्याने चढणाऱ्या-उतरणाऱ्या माणसांना एकमेकांची नावे ठाऊक नव्हती! "तुमचं नाव काय हो?" "मी समोरच्याच फ्लॅटमध्ये राहते, नूतन." "अरे, इतकी वर्षं झाली आणि मी विचारलंच नाही!" संकटाच्या त्या घाईतही कोणी ओशाळून हसले, कोणी माफी मागितली. इंदूबाईने पहिले नाव घेतले. ते अडखळत अडखळत फिरले आणि परत तिच्यापाशी आले.

माझ्या अंगात ऊब आली. मित्रांनो, मला वाटले होते की ती ऊब मी विसरलो. पिवळा धूर आमच्याजवळ आला आणि काचेवर आदळावा तसा पसरून वर चढला. आतली हवा स्वच्छ राहिली. मुलांचा खोकला थांबला.

पण हात कमी होते. कामावर गेलेली माणसे मुंबईत, ठाण्यात होती. रेटा जड होता. तरी कोणी हात सोडला नाही. लाजवंती मात्र धुराकडेच पाहत होत्या. त्यांचे यजमान वर घरातच होते. त्या वर जायला निघाल्या तेव्हा इमारतीच्या वॉचमनने त्यांना अडवले होते. "आप बच्चों को देखिए माँजी, साहब को मैं लाता हूँ," एवढे बोलून, ओला रुमाल तोंडाला बांधून तो जिन्यात शिरला होता. घराघराची बेल वाजवून सगळ्यांना खाली पाठवणाराही तोच होता.

कितीतरी वेळाने धुरातून एक आकृती पुढे आली. वॉचमनने साहेबांना पाठीवर घेतले होते. तो चालत नव्हता, नुसता पुढे पुढे पडत होता. कड्यापाशी पोहोचला आणि बाहेरच गुडघ्यांवर कोसळला.

त्याला आत घ्यायचे, तर दोन जणांना हात सोडून वाट करावी लागणार होती. हात सुटले की कडे पडणार आणि धूर मुलांवर येणार.

"नका उघडू! पोरं आहेत आत!" कोणीतरी ओरडले.

"उघडू नका कसं? आमी कुनाला भाईर ठेवायला कडं धरत नाय," इंदूबाई म्हणाली. "उघड शलाका!"

वॉचमन शलाका आणि नूतन यांच्यासमोरच पडला होता, म्हणून वाट त्यांनाच करायची होती. शलाकाने एकवार मुलांकडे पाहिले आणि हात सोडला. तिने आणि नूतनने दोघांना आत ओढून घेतले. साहेबांना मुलांच्या शेजारी निजवले. त्याबरोबर ऊब गेली आणि धूर आत घुसला. मुले पुन्हा खोकू लागली. कड्यात उभे राहण्यासाठी वॉचमनने धडपडत मला धरले. तो शलाकाच्या उजवीकडे होता.

"नाव! नाव काय तुमचं?" शलाकाने विचारले.

त्याने तोंड उघडले, पण आवाज फुटला नाही. त्याचा गळा बसला होता. रोज तो शलाकाचे पार्सल सांभाळत असे, तिची गाडी पुसून ठेवत असे. ती त्याला भैया म्हणे. "कोणाला माहीत आहे यांचं नाव?" ती रडकुंडीला येऊन ओरडली. जो तो दुसऱ्याकडे पाहू लागला. लाजवंतींनी डोळे मिटून घेतले. त्यांनाही ते ठाऊक नव्हते.

इंदूबाईला ठाऊक होते. पण ती कड्याच्या पार पलीकडे होती आणि धुराने तिचा आवाज खोल गेला होता. तिने आपल्या शेजारणीच्या कानाशी तोंड नेले. "मधु," ती म्हणाली. शेजारीण पुढच्याला म्हणाली, "मधु." त्याने पुढे सांगितले. मधु, मधु, मधु. एका माणसाचे नाव माझ्या अंगावरून हातोहात पुढे गेले. त्या मैदानातल्या प्रत्येक तोंडाने ते घेतले. मध्ये बसलेल्या मुलांनीही ते उचलले. शेवटी ते शलाकापाशी पोहोचले.

"मधु!" ती जिवाच्या आकांताने ओरडली.

मधुने डोळे उघडले. त्याच्या उजवीकडे नूतन होती. तिच्या नावाची पाटी तो रोज पुसत असे. त्याने ओठांनीच "नूतन" म्हटले. आवाज निघाला नाही, पण माझ्यावर टेकलेल्या त्याच्या छातीतून ते नाव मला कळले. मला तेवढे पुरे होते. कडे पुन्हा उभे राहिले. त्या वेळी धुराने मला जिथे गाठले, तिथेच मी काळा पडलो. मला त्या डागाचे दुःख नाही.

पुढे आगीचे बंब आले, वारा फिरला, आग आटोक्यात आली. सगळे वाचले. मधुला उल्हासनगरच्या दवाखान्यात ठेवावे लागले. लाजवंती रोज सकाळी दाल-पकवान, म्हणजे डाळ आणि कुरकुरीत पुऱ्या, करून त्याच्यासाठी नेत. त्याला ते गिळता येत नव्हते तेव्हा डाळ पातळ करून चमच्याने भरवत. तो बरा होऊन परत आला तेव्हा फाटकाशी इतकी माणसे जमली, की तो बिचारा लाजून केबिनमध्येच जाऊन बसला.

मग माझा सन्मान करायचे ठरले. काचेची पेटी करायची, आत दिवा लावायचा आणि फाटकाशी मला ठेवायचे, असे काही जण म्हणाले. मी घाबरून गेलो. काचेतल्या दोराला कोण हात लावणार? पण मधुच म्हणाला, "इसको बाहर रखिए. रस्सी को हाथ चाहिए." म्हणून मी आता समाजमंदिराच्या ओसरीवर खुंटीला आहे. मुले माझ्याशी खेळतात. रविवारी संध्याकाळी, काहीही संकट नसताना, लोक मला मैदानात घेऊन येतात. नवीन राहायला आलेल्याला मुद्दाम मध्ये उभे करून त्याच्याशी ओळख करून घेतात.

मित्रांनो, मी तुमच्याकडे फार काही मागत नाही. तुमच्याही गावात, वाडीत, इमारतीत माझ्यासारखे काहीतरी असेल. एखादा दोर असेल, एखादी पंगतीची मोठी चटई असेल, चार घरे मिळून वापरतात असे एखादे पातेले असेल. ते अडगळीत टाकू नका. त्याला ऊन दाखवा, हात लावत राहा. आणि तुमच्या उजवीकडे कोण राहते, ते आज जाऊन विचारा.

मला घडवणाऱ्यांचा, धरणाऱ्यांचा आणि माझ्यावर चादरी वाळवणाऱ्यांचाही मी ऋणी आहे. परवाच्या रविवारी इंदूबाई आली होती. तिची बोटे आता वळत नाहीत. तिला मला नीट धरता येईना. तिच्या एका बाजूला शलाका होती, दुसऱ्या बाजूला लाजवंती. दोघींनी आपापला हात तिच्या हातांवर ठेवला आणि बोटांनी बोटे माझ्याभोवती मिटवली. इंदूबाई हसली आणि तिने पहिले नाव घेतले.